तेरा रविवार आणि नानांची वही

माझ्या सासऱ्यांची, म्हणजे आमच्या नानांची, एक दोनशे पानी वही माझ्या कपाटात आहे. टपाल खात्यात ३६ वर्षे नोकरी केलेल्या माणसाचे अक्षर जसे असावे तसे ते सरळ, ठसठशीत आणि समासाला कधीही न ओलांडणारे आहे. वहीच्या पहिल्या निम्म्या भागात दुधाचा, वर्तमानपत्राचा आणि औषधांचा हिशेब आहे. त्यानंतर एक पान कोरे सोडून ६ मे २०१२ ही तारीख घातलेली आहे, तिच्यापुढे कंसात ‘रविवार, स. ११’ असे लिहिले आहे आणि खाली ‘सत्यमेव जयते’ हे आमिर खानच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमाचे नाव. तिथून सलग तेरा रविवारांच्या नोंदी आहेत. प्रत्येक नोंदीत तारीख, त्या दिवसाचा विषय आणि त्याखाली नानांनी स्वतःच्या शब्दांत लिहिलेल्या दोन-चार ओळी असा क्रम आहे. फक्त एका तारखेखाली विषय लिहिलेला आहे आणि ओळी नाहीत. त्या जागेविषयी मला लिहायचे आहे; पण त्यासाठी आधी ते तेरा रविवार सांगावे लागतील.

रविवारी सकाळी सगळ्या घराने दूरदर्शन संचासमोर बसण्याची सवय माझ्या पिढीला ‘रामायण’ने लावली. जानेवारी १९८७ ते जुलै १९८८ या काळात सकाळी साडेनऊला रस्ते ओस पडत, हे मी साताऱ्यात लहानपणी पाहिलेले आहे. पुढे वाहिन्या वाढल्या, घरोघरी संच वाढले, आणि रविवारची सकाळ ज्याची त्याची झाली. २०१२ मध्ये आमिर खानने आपल्या पहिल्या दूरचित्रवाणी कार्यक्रमासाठी रात्रीची गर्दीची वेळ न घेता रविवारी सकाळचे अकरा निवडले, तेव्हा अनेकांना ते धाडस वाटले होते. मला मात्र आजही असे वाटते की त्या कार्यक्रमाचे निम्मे यश त्या वेळेत होते. स्टार प्लस आणि दूरदर्शन यांच्यावर तो एकाच वेळी दाखवला जात होता, निरनिराळ्या भाषांतल्या वाहिन्यांवरही दिसत होता, आणि त्यामुळे केबल असलेले घर आणि नुसती अँटेना असलेले घर यांच्यात त्या दीड तासापुरता फरक उरला नव्हता. आमच्या गल्लीत सकाळी अकराला एकच आवाज सगळ्या खिडक्यांतून येत असे. आमच्याकडे नाना, आई, म्हणजे माझ्या सासूबाई, माझे पती, मी, आठ वर्षांची आमची मुलगी आणि शेजारच्या काकू इतकी माणसे पोह्यांच्या बशा घेऊन बसलेली असत.

तो कार्यक्रम गप्पांचा होता असे म्हटले तर काही जणांना ते पटणार नाही, कारण गप्पांचा कार्यक्रम म्हटला की कोचावर बसलेला नट, त्याचा येऊ घातलेला चित्रपट आणि सूत्रसंचालकाची खेळीमेळी डोळ्यांपुढे येते. इथेही समोरासमोर दोन आसने होती, पाहुणे होते, प्रेक्षक होते आणि प्रश्न विचारणारा माणूस प्रसिद्ध होता. फरक एवढाच की प्रसिद्ध माणूस विचारणाऱ्याच्या जागी बसला होता आणि ज्यांना कुणी काही विचारत नाही अशी माणसे उत्तर देणाऱ्याच्या जागी होती. सत्यजित भटकळ यांच्या दिग्दर्शनाखाली एका मोठ्या गटाने प्रक्षेपणाच्या कितीतरी आधीपासून देशभर फिरून ही माणसे शोधली होती, आणि ती तयारी जाणवत असे. पाहुणी बोलता बोलता थांबली तर तो थांबा कापून टाकलेला नसे. आमच्या घरात, जिथे बातम्या सुरू असतानाही प्रत्येकाला आपले मत मांडायचे असते, तिथे त्या थांब्यांमध्ये कुणीही बोलत नसे. मी शिक्षिका आहे; वर्गातली शांतता भीतीची आहे की ऐकण्याची आहे हे मला कळते. ती ऐकण्याची होती.

पहिल्या रविवारचा विषय होता स्त्रीभ्रूणहत्या. आठ वर्षांत सहा वेळा जिला गर्भपात करायला लावला गेला अशी अहमदाबादची एक स्त्री आपली हकीकत सांगत होती आणि तिच्या आवाजात ना आक्रोश होता ना सूड. दिल्लीतल्या एक डॉक्टर होत्या, ज्यांना स्वतःच्याच घरातून हा त्रास झाला आणि ज्यांनी गर्भलिंगनिदानविरोधी कायद्याचा आधार घेऊन आपल्या जुळ्या मुलींसाठी लढा दिला. हा अशिक्षितांचा प्रश्न आहे, ही समजूत त्या एका तासात मोडून पडली. राजस्थानातल्या दोन पत्रकारांनी छुप्या कॅमेऱ्याने शंभराहून अधिक डॉक्टरांचे व्यवहार २००५ मध्ये उघड केले होते आणि सात वर्षांनंतरही खटले रेंगाळलेलेच होते, हेही त्या दिवशी कळले. त्याच आठवड्यात आमिर खान राजस्थानचे मुख्यमंत्री अशोक गेहलोत यांना भेटला आणि जलदगती न्यायालयाची तयारी दाखवली गेली.

नानांनी त्या दिवशी वहीत लिहिले आहे : ‘आपल्या राज्याने हा कायदा १९८८ मध्ये, सर्वांच्या आधी केला. मग बीडचे काय?’ हा प्रश्न त्यांनी कार्यक्रमात ऐकलेला नव्हता. तो त्यांचा होता. २०११ च्या जनगणनेत बीड जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे मुलींची संख्या ८०७ इतकी खाली आली होती, राज्यात सर्वांत कमी. आणि पहिला भाग दाखवल्यानंतर दोनच आठवड्यांत बीडमधल्याच परळीच्या एका रुग्णालयात गर्भपाताच्या वेळी एका स्त्रीचा मृत्यू झाल्याची बातमी आली, तेव्हा ती बातमी वाचणारा महाराष्ट्र थोडा वेगळा होता. एरवी चौथ्या पानावर संपली असती अशी ती बातमी त्या महिन्यात आमच्या शिक्षककक्षात रोज बोलली जात होती. या साऱ्याचे श्रेय मी एका कार्यक्रमाला देत नाही, कारण परळीचे प्रकरण धसाला लावणारे कार्यकर्ते कितीतरी वर्षे आधीपासून राबत होते. पण त्यांचे म्हणणे ऐकायला कान तयार झाले होते, एवढे निश्चित.

दुसरा रविवार मला सर्वांत कठीण गेला. विषय मुलांच्या लैंगिक शोषणाचा होता आणि आमची मुलगी नेहमीसारखी नानांच्या पायाशी चटईवर बसली होती. मी तिला आत पाठवण्यासाठी उठले. मला खरोखर असे वाटत होते की आठ वर्षांच्या मुलीने हे ऐकू नये, आणि त्याहून खरे सांगायचे तर सासऱ्यांच्या देखत हे शब्द घरात उच्चारले जाऊ नयेत. नाना म्हणाले, “बसू दे तिला. आपण सगळे इथे आहोत ना.” इतकेच. मग हरीश अय्यर यांनी आपल्या लहानपणी वर्षानुवर्षे काय घडले ते सांगितले. त्या काळात श्रीदेवीचे चित्रपट हाच आपला आधार होता असे ते म्हणाले आणि थोड्या वेळाने श्रीदेवी स्वतः त्यांना भेटायला मंचावर आली. भागाच्या शेवटी आमिर खानने लहान मुलांना जवळ बसवून शरीराच्या कोणत्या भागांना इतर कुणी हात लावता कामा नये, लावलाच तर मोठ्याने ओरडायचे, तिथून पळायचे आणि विश्वासाच्या मोठ्या माणसाला सांगायचे, हे अगदी खेळासारखे शिकवले. आमची मुलगी त्या मुलांबरोबर उत्तरे देत होती. आई पदराने डोळे पुसत आत गेल्या, आणि त्या दुपारी त्यांनी मला जे सांगितले ते त्यांनी आयुष्यात कुणालाही सांगितलेले नव्हते. ते मी इथे लिहिणार नाही. मात्र एका सासूला आपल्या सुनेशी ते बोलता यावे यासाठी साठ वर्षे जावी लागली, हे मला लिहिलेच पाहिजे.

बालकांच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धचे विधेयक त्याच आठवड्यात, १० मे रोजी, राज्यसभेत मंजूर झाले होते. २२ मे रोजी ते लोकसभेतही संमत झाले आणि १४ नोव्हेंबर २०१२ पासून तो कायदा, आज सर्वांना ‘पॉक्सो’ या नावाने परिचित असलेला, लागू झाला. विधेयक अर्थातच कार्यक्रमाच्या आधीपासून तयार होते. परंतु आमच्या शाळेत पुढच्या जूनमध्ये पालकसभेत हा विषय मी मांडला तेव्हा एकाही पालकाने मान खाली घातली नाही, आणि त्याचे कारण मला ठाऊक आहे : त्यांच्याही घरी दुसऱ्या रविवारी संच सुरू होता.

पुढचे रविवार मी सगळेच सविस्तर सांगत नाही. हुंडा झाला, त्यानंतर २७ मे रोजी वैद्यकीय व्यवसायातले गैरप्रकार झाले. आमच्या आईंच्या गुडघ्यासाठी एका ठिकाणी आम्हाला एकापाठोपाठ एक तपासण्या करायला लावल्या होत्या आणि शेवटी दुसऱ्या डॉक्टरांनी त्यांतली एकही आवश्यक नव्हती असे सांगितले होते, त्यामुळे ‘कट प्रॅक्टिस’, म्हणजे रुग्ण किंवा तपासण्या पाठवण्याबद्दल डॉक्टरांनी घेतलेला वाटा, हा शब्द आमच्या घराला नवीन नव्हता. नवीन होते ते कुणीतरी डॉक्टरच तो उघडपणे उच्चारत असल्याचे दृश्य. जेनेरिक औषधांचे राजस्थानातले काम सनदी अधिकारी डॉ. समित शर्मा यांनी समजावून सांगितले तो भाग नानांनी उभे राहून पाहिला. त्या भागानंतर डॉक्टरांच्या राष्ट्रीय संघटनेने माफीची मागणी केली आणि आमिर खानने माफी मागायला नकार दिला. जून महिन्यात संसदेच्या स्थायी समितीने त्याला याच विषयावर बोलण्यासाठी बोलावले. आमचे कुटुंबीय असलेले डॉक्टर या भागावर फार नाराज होते. प्रामाणिक डॉक्टरांच्या बाजूला आणखी वेळ द्यायला हवा होता, हे त्यांचे म्हणणे मला आजही रास्त वाटते.

अपंगांविषयीच्या भागानंतरच्या सोमवारी मी शाळेत गेले आणि मुख्य दाराच्या पायऱ्या पहिल्यांदा मोजल्या. पाच होत्या. १९ वर्षे मी त्या चढत होते. ज्या मुलाला आम्ही ‘शाळा झेपणार नाही’ असे सांगून परत पाठवले होते त्याला न झेपणारी गोष्ट शाळा नव्हती, त्या पाच पायऱ्या होत्या. घरगुती हिंसेच्या भागात स्त्रीवादी कार्यकर्त्या कमला भसीन हसत हसत बोलत होत्या आणि शेजारच्या काकू, ज्या एरवी खूप बोलतात, त्या अगदी गप्प बसल्या होत्या. दारूवरच्या भागात जावेद अख्तर यांनी स्वतःच्या व्यसनाविषयी कोणतीही सबब न सांगता बोलून दाखवले. शेतातल्या विषारी औषधांचा भाग झाला तेव्हा आमचे द्राक्षबागायतदार नातेवाईक दोन दिवस फोनवर वाद घालत होते. प्रत्येक भागाच्या शेवटी राम संपत यांनी बांधलेले एक गाणे असे. पहिल्या रविवारी स्वानंद किरकिरे यांनी गायलेले गाणे संपल्यावर संच बंद करायला कुणी उठले नाही, हे मला स्पष्ट आठवते. तरीही इतक्या जड विषयाचा शेवट दर वेळी गाण्याने व्हावा का, याबद्दल मी तेव्हाही साशंक होते. काही वेळा ते गाणे मन मोकळे करी, आणि जे मनात तसेच साचून राहायला हवे होते तेही धुऊन नेई.

८ जुलै २०१२. दहावा रविवार. विषय अस्पृश्यता.

त्या दिवशी डॉ. कौशल पंवार पहिल्या पाहुण्या होत्या. त्या दिल्ली विद्यापीठात संस्कृत शिकवत. हरियाणातल्या खेड्यात, सफाईचे काम करणाऱ्या कुटुंबात त्यांचा जन्म झाला, आणि शाळेत असताना संस्कृत विषय घेण्यापासून त्यांना परावृत्त केले गेले, पाणी पिण्यापासून बसण्याच्या जागेपर्यंत प्रत्येक ठिकाणी त्यांची पायरी दाखवली गेली, हे सगळे त्या स्वच्छ, ठाम आवाजात सांगत होत्या. देशाच्या निरनिराळ्या भागांत आजही वेगळी भांडी, वेगळे पाणवठे कसे आहेत हे दाखवणारी माहितीपटकार स्टॅलिन के. यांनी टिपलेली दृश्ये पुढे होती. मग बेझवाडा विल्सन आले, ज्यांनी हाताने मैला उचलण्याच्या प्रथेविरुद्ध आयुष्य वेचले आहे आणि ज्यांना पुढे २०१६ मध्ये मॅगसेसे पुरस्कार मिळाला. त्यांचा गळा दाटून आला तेव्हा स्टुडिओतली माणसे मान खाली घालून बसली होती. पुढच्याच आठवड्यात आमिर खानने हा प्रश्न पंतप्रधान मनमोहन सिंग यांच्यापुढे मांडला, आणि सप्टेंबर २०१३ मध्ये या प्रथेविरुद्धचा नवा, अधिक व्यापक कायदा संसदेने संमत केला. प्रथा मात्र कायद्याने संपली नाही; गटारात उतरून माणसे गुदमरल्याच्या बातम्या आजही येतात.

माझे एक मत इथे नोंदवते. हा भाग दहावा नको होता. तो दुसरा किंवा तिसरा हवा होता, कारण आधीच्या नऊ भागांपैकी बहुतेक सगळ्यांच्या मुळाशी जात कुठे ना कुठे होती आणि तिचे नाव मात्र फारसे घेतले गेले नव्हते. आणि महाराष्ट्रात बसून तो पाहणाऱ्याला आणखी एक गोष्ट बोचल्याशिवाय राहत नव्हती. डॉ. बाबा आढाव यांनी ‘एक गाव, एक पाणवठा’ ही मोहीम १९७२ साली सुरू केली. त्यांनी गावोगाव फिरून विहिरी मोजल्या, कुणाला कुठे पाणी भरू देतात याच्या नोंदी केल्या. चाळीस वर्षांनंतर त्याच प्रश्नाकडे आम्ही उत्तर भारतातली गोष्ट म्हणून पाहत होतो. काकू म्हणाल्यासुद्धा, “आपल्याकडे असलं काही नाही बाई.” माझ्या पतींनी मान डोलावली.

नाना त्या वेळी उठले आणि बाहेरच्या पडवीत जाऊन बसले. कार्यक्रम संपेपर्यंत ते आत आले नाहीत. मला वाटले, उकडत असेल.

त्या रात्री त्यांनी वही काढली, तारीख घातली, विषय लिहिला आणि वही मिटली.

बारावा रविवार पाण्याचा होता, २२ जुलै. त्या वर्षी पावसाने जूनमध्येच हात आखडता घेतला होता. पुढे माण, खटाव आणि मराठवाडा यांनी जो दुष्काळ सोसला, ज्या चारा छावण्या आम्ही पाहिल्या, त्यांची ती सुरुवात होती. त्यामुळे पाणलोटाविषयी जे सांगितले जात होते ते आमच्याकडे टिपणे काढत ऐकले गेले. नानांची त्या दिवशीची नोंद सर्वांत मोठी, पाऊण पानाची आहे. २९ जुलैला तेरावा भाग झाला आणि मालिका थांबली. त्यानंतरच्या रविवारी अकरा वाजता आमच्या घरातली माणसे सवयीने बैठकीच्या खोलीत आली आणि थोडा वेळ तशीच बसून राहिली.

कार्यक्रम पुन्हा आला तो २ मार्च २०१४ रोजी, आणि त्या वेळी त्याचे पाचच भाग झाले. मध्ये डिसेंबर २०१२ ची दिल्लीतली सामूहिक बलात्काराची घटना घडून गेली होती, त्यामुळे पहिला भाग बलात्कारावर असणे स्वाभाविक होते. पीडितेला पोलीस, डॉक्टर, वकील आणि समुपदेशक एकाच छताखाली मिळावेत या मागणीला पुढे काही महिन्यांत भोपाळच्या सरकारी रुग्णालयात ‘गौरवी’ या केंद्राच्या रूपाने उत्तर मिळाले, हे त्या पाच भागांचे माझ्या दृष्टीने सर्वांत मोठे फलित. तिसरा टप्पा ५ ऑक्टोबर २०१४ पासून सहा आठवड्यांचा होता. त्याची सुरुवात नागपूरच्या विजय बारसे यांनी झोपडपट्टीतल्या मुलांसाठी उभ्या केलेल्या फुटबॉलपासून झाली आणि तो भाग पाहताना मला कितीतरी दिवसांनी पहिल्या तेरा आठवड्यांची ऊब जाणवली. या टप्प्यात भागानंतर तासभर थेट संवादही होत असे.

तरीही काहीतरी सुटले होते, आणि ते विषयांत किंवा मांडणीत सुटलेले नव्हते. पहिल्या वेळी सलग तेरा आठवडे मिळाले होते. पहिले दोन-तीन रविवार माणूस पाहुण्यासारखा बसतो, संकोचाने ऐकतो. चौथ्या-पाचव्या रविवारी तो बोलू लागतो. आणि आठव्या-नवव्या रविवारपर्यंत घरात एक प्रकारची तयारी होते, की आता जे येईल ते आपण एकत्र ऐकून घेऊ. पाच किंवा सहा आठवड्यांत ती तयारी होईपर्यंत कार्यक्रम संपून जातो. शिवाय मार्च म्हणजे लोकसभेच्या निवडणुकीचा धुरळा आणि ऑक्टोबर म्हणजे आमच्या विधानसभेचा. समलैंगिक आणि तृतीयपंथी व्यक्तींविषयीचा अतिशय महत्त्वाचा भाग १९ ऑक्टोबरला दाखवला गेला, आणि नेमका तोच रविवार महाराष्ट्राच्या मतमोजणीचा होता. आदल्या वर्षी डिसेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने समलैंगिक संबंधांना गुन्हा ठरवणारे कलम ३७७ पुन्हा कायम केले होते. त्या व्यक्तींच्या आईवडिलांना त्या सकाळी कुणाच्या तरी आधाराची गरज होती. आमच्या गल्लीतल्या सगळ्या खिडक्यांतून मात्र आघाडी आणि पिछाडीचे आकडे ऐकू येत होते. मी तो भाग एकटीने, नंतर कधीतरी पाहिला. एकटीने पाहणे आणि घराने मिळून पाहणे यांत काय अंतर आहे ते मला त्या दिवशी समजले.

कार्यक्रमाविषयीच्या तक्रारी मी ऐकल्या आहेत आणि त्यांतल्या काही मलाही मान्य आहेत. प्रेक्षकांतल्या रडणाऱ्या चेहऱ्यांवर कॅमेरा गरजेपेक्षा जास्त वेळ रेंगाळत असे. भागाअखेरीस मोबाइलवरून हो किंवा नाही असे उत्तर पाठवायला सांगितले जाई. पिढ्यान्‌पिढ्यांच्या प्रश्नाला इतके सोपे उत्तर नसते. शेतकऱ्यांच्या आत्महत्यांवर एकही स्वतंत्र भाग झाला नाही, आणि विदर्भ-मराठवाड्यातल्या माणसाला ही उणीव जाणवणारच. परंतु ‘असल्या कार्यक्रमांनी काय होते?’ असे जेव्हा कुणी विचारते तेव्हा माझ्याकडे आईंची ती दुपार असते, शाळेच्या दारापाशी दोन वर्षांनी का होईना बांधलेला उतार असतो, आणि २०१६ चा उन्हाळा असतो.

पाण्याच्या त्या भागातून जे बीज पडले त्यातून २०१६ मध्ये पाणी फाउंडेशन उभे राहिले आणि ‘सत्यमेव जयते वॉटर कप’ ही गावागावांतली स्पर्धा सुरू झाली. पहिल्या वर्षी तीनच तालुके होते : अमरावतीतला वरूड, बीडमधला अंबाजोगाई आणि आमचा कोरेगाव. साताऱ्याचेच दंतवैद्य डॉ. अविनाश पोळ यांनी त्या आधी कितीतरी वर्षे गावोगाव श्रमदानाची सवय लावली होती, ती शिदोरी या कामाला मिळाली. एकूण ११६ गावे उतरली. गावातल्या निवडक स्त्री-पुरुषांना पाणलोटाचे प्रशिक्षण, मग ४५ दिवसांत जमेल तितके काम, आणि कामाचा क्रम ठरलेला : माथा ते पायथा. आधी डोंगरउतारावर सलग समतल चर, मग दगडी बांध, खाली मातीचे बांध आणि शेततळी. पहिला, ५० लाखांचा, पुरस्कार कोरेगाव तालुक्यातल्याच वेळू गावाला मिळाला. पुढच्या वर्षी ३० तालुके झाले, नंतर ७५ आणि ७६.

नानांचे मूळ गाव त्याच तालुक्यात आहे आणि ते त्या पहिल्या वर्षी स्पर्धेत होते. नाना तेव्हा ७८ वर्षांचे होते. मे महिन्यातल्या एका रविवारी त्यांनी आम्हा सर्वांना गावी नेले. सकाळी सहाला डोंगराच्या उतारावर दीडशे-दोनशे माणसे होती. फक्कीने आखलेल्या रेषांवर टिकाव पडत होते आणि घमेली हातोहात पुढे जात होती. आमची मुलगी, बारा वर्षांची, माझ्या शेजारी रांगेत होती. नानांना बाभळीखाली खुर्ची दिली होती. साडेनऊच्या सुमारास पूर्वी गावाबाहेर मानल्या जाणाऱ्या वस्तीतल्या दोन बायका मोठ्या किटलीतून चहा घेऊन आल्या. गावाने घराघराला चहाची पाळी लावली होती आणि त्या दिवशी त्यांच्या घराची पाळी होती. स्टीलचे पेले सगळ्यांना सारखेच होते. नानांनी पेला दोन्ही हातांनी घेतला आणि चहा निवेपर्यंत तसाच धरून ठेवला.

त्या रात्री गावच्या घराच्या ओट्यावर त्यांनी मला सांगितले. त्यांच्या लहानपणी गोठ्याच्या वळचणीला, आढ्याजवळ एक कान तुटलेली कपबशी खोचून ठेवलेली असे. शेतावर मदतीला येणारा एक मुलगा नानांच्याच वर्गात होता. तो आला की स्वतःच ती कपबशी काढायचा, चहा पिऊन विसळायचा आणि पुन्हा तिथेच ठेवायचा. एकदा नानांनी त्याला आपल्या कपातून चहा दिला. नानांच्या वडिलांनी तो कप फोडला आणि मार मात्र त्या मुलाला बसला. तो मुलगा दुसऱ्या दिवसापासून शाळेत आला नाही. “मी त्याच्या घरी गेलो नाही, सूनबाई,” नाना म्हणाले. “चार घरांवर राहत होता. मी आयुष्यभर दुसऱ्यांची पत्रं त्यांच्या घरी पोचती केली, आणि तिथे गेलो नाही.”

मी विचारले, हे तुम्ही वहीत का नाही लिहिले. ते म्हणाले, “तिथे मी कार्यक्रमाबद्दल लिहीत होतो.”

नाना २०१९ च्या पावसाळ्यात गेले. शेवटच्या वर्षापर्यंत ते वहीत अधूनमधून लिहीत होते. २०१४ चे अकरा भागही त्यात आहेत, वेळूच्या पुरस्काराची बातमी कापून चिकटवलेली आहे, आणि गावच्या विहिरीची पाणीपातळी तर दर महिन्याची आहे. ८ जुलै २०१२ या तारखेखालची जागा मात्र त्यांनी कोरीच ठेवली आहे.